दिवसा उपसायची तलवार

मामाच्या पिशवीत चष्म्याचं घर होतं, दळलेल्या हळदीची पुडी होती आणि हातभर लांबीची बांबूची कामटी होती. पिशवी घेऊन आलेल्या ढाबेवाल्याला कामटी पाहून संकोच वाटला असावा. "ही ठेवायची का टाकून द्यायची, ताई?" त्याने विचारलं. मी ती घेतली. आई दारातच बसली होती. तिने कामटी पाहिली आणि तोंड भिंतीकडे फिरवलं.

त्या दिवसापासून आईच्या मनात एकच गोष्ट आहे. मामा वाट चुकला.

झालं होतं ते एवढंच. मामा हट्ट्याजवळच्या आपल्या गावाहून हिंगोलीला आमच्याकडे यायला निघाला होता. दरवर्षी नवी हळद दळली की पहिली पुडी तो आईला, म्हणजे आपल्या थोरल्या बहिणीला, स्वतः आणून द्यायचा. "दुपारच्याला येतो, अक्का," असं आदल्या दिवशी फोनवर म्हणाला होता. बारा वाजले, दोन वाजायला आले, आणि मग फोन आला तो कनेरगाव नाक्यावरून. हिंगोलीच्या अलीकडून नव्हे, पलीकडून. तिथल्या ढाब्याच्या बाजेवर बसल्या बसल्या त्याचं हृदय थांबलं होतं. हिंगोली ओलांडून तो वाशीमच्या रस्त्याला का गेला, हे कोणालाच सांगता येईना. तिकडे त्याचं ना सोयरं, ना शेत. सत्तरी गाठलेला माणूस, बसमध्ये डोळा लागला असेल, उतरायचं विसरला असेल, असं भेटायला आलेले लोक म्हणाले.  आई कामटीकडे बघत होती.

आईला काय वाटत होतं ते मला ठाऊक होतं, कारण कामटीच्या त्या प्रकाराला आम्ही तिघंच साक्षीदार होतो. आता दोघी.

मी तेव्हा नऊ-दहा वर्षांची असेन. आमचा जिल्हा तेव्हा परभणी होता. शिमग्याच्या आसपास मामाच्या शेतात हळद निघायची, आणि आई मला घेऊन पंधरा दिवस माहेरच्या मदतीला जायची. माझी शाळा बुडायची, त्याचं कोणाला काही वाटायचं नाही. शेतातच एका कडेला मोठी कढई मांडलेली असे. तिच्यात ओली हळद, वर हळदीचाच पाला, त्यावर ओलं पोतं. खाली जाळायलाही वाळलेला पालाच. वाफ सुटली की सगळ्या शिवाराला तो मातकट, किंचित कडू वास यायचा. आजही कुठे हळद शिजत असली तर मी रस्त्यावर उभी राहते.

शिजलेली हळद अंगणात पसरली की माझं काम सुरू व्हायचं. गड्डे वेगळे करायचे, हळकुंडं वेगळी करायची, त्यांना चिकटलेल्या मुळ्या काढायच्या. दिवसभर तेच. हात मनगटापर्यंत पिवळे होत आणि महिनाभर तसेच राहत. कंटाळा आला की मी मामाच्या मागे लागायची. गोष्ट सांग.

"दिवसा गोष्ट सांगू नये," आई तिकडून म्हणायची. "मामा वाट चुकतो."

लहानपणी हे आपल्याकडे सगळ्यांनीच ऐकलेलं असतं. पण ते ऐकताना मामा शेजारीच बसलेला असणं, हे फार थोड्यांच्या वाट्याला आलं असेल.

"मामा मीच हाय की," मामा म्हणायचा. "अन् मी हितं बसून राहिलो. आता कुठं चुकू?"

"मी काय तुझ्या भाचीच्या मामाचं सांगून राहिले का? माझा एकुलता भाऊ हाय. त्याचं सांगून राहिले."

"तो बी मीच हाय, अक्का."

"म्हणूनच सांगून राहिले!"

मामा बारावीपर्यंत विज्ञान शिकला होता. पुढचं शिक्षण शेतीत बुडालं. वसमतच्या वाचनालयातून तो विज्ञानाची मासिकं आणायचा आणि ती वाचताना पानांना पिवळे डाग पडायचे. वाचनालयवाल्या बाईंनी एकदा त्याला विचारलं होतं, तुम्ही वरणात बुडवून वाचता का. असा माणूस बहिणीच्या एका वाक्याला हरणार नव्हता. पण तिला दुखवणारही नव्हता. मग एका दुपारी त्याने टोपल्यांसाठी आणलेल्या बांबूतली एक कामटी उचलली. हळदीत पडून पडून ती मुळातच पिवळी झाली होती.

"ही तलवार हाय," तो म्हणाला.

"कशाची?"

"येळेची. हिनं दिवस वाकतो. हे बघ, हे टोक म्हंजी उगवती. हे मावळती. मधी आपुन भर उन्हात बसून राहिलो." त्याने दोन्ही टोकं धरली आणि कामटी सावकाश वाकवत आणली. टोकं एकमेकांना लागली. "झाली रात. मीट डोळे."

मी डोळे मिटले. पापण्यांच्या आत ऊन लालभडक दिसत होतं.

"आसं व्हय?" आई म्हणाली. "रात झाली तर मग कामं बंद. उठा, झोपा जा दोघं."

"हळद रातीची बी निवडता येती, अक्का," मामा म्हणाला आणि गोष्टीला सुरुवात केली.

अशी ती तलवार आमच्या घरात आली, आईचा नियम मोडू नये म्हणून. पण वस्तू एकदा गोष्टीच्या दारात ठेवली की ती आत शिरतेच. दुसऱ्या दिवशी गोष्टच त्या तलवारीची झाली आणि पुढची चार-पाच वर्षं तीच गोष्ट चालली.

त्या जगाला मामाने नाव दिलं नाही. तो त्याला नुसतं 'तिकडं' म्हणायचा. तिकडं सूर्य मावळत नाही. आभाळात खुंटीला टांगल्यासारखा एकाच जागी असतो. लोक मोठमोठ्या पंख्यांच्या सावलीत राहतात. गाड्यांना चाकं नसतात, त्या मुळ्या उकळून काढलेल्या वाफेवर जमिनीपासून वीतभर वर तरंगतात. नांगराला लोखंडाचे बैल आहेत. ते वैरण मागत नाहीत, तेल मागतात, आणि मालकाने आवाज चढवला तर खऱ्या बैलांपेक्षा जास्त रुसतात. एवढं सगळं आहे, पण रात्र नाही. आणि रात्र नाही म्हणून तिकडं कोणी कोणाला कधी गोष्ट सांगितलेली नाही. सगळ्यांचे मामा बरोबर वाटेने येतात-जातात, पण आपले पणजोबा कोण होते, हे एकालाही ठाऊक नाही.

तिकडं एक टपालवाली बाई होती. लोखंडी बैलावर बसून गावोगाव पत्रं वाटायची. एका मोडून पडलेल्या यंत्राच्या पोटात तिला ती तलवार सापडली. पट्ट्यासारखी लवचीक, धार नसलेली. वाकवली की दूरदूरच्या दोन वेळा एकमेकींना चिकटतात. पेरणीच्या दिवसातून एक पाऊल टाकलं की माणूस सुगीत. तिने पहिल्यांदा वाकवली तेव्हा तिकडच्या लोकांनी काळोख पाहिला. ते घाबरून रडले, आणि रडणं थांबवायला कोणा म्हातारीने पहिली गोष्ट सांगितली.

पण एक होतं. टपालवालीला दोन्ही टोकं धरून उभं राहावं लागायचं. हात सुटला की काळ सपकन सरळ व्हायचा. आणि जी धरून उभी, तिच्यापुरतं ऊन तसंच राहायचं. सगळ्यांना रात्र मिळायची, तिला नाही. सगळे गोष्ट ऐकायचे, तिच्यापर्यंत शब्द पोचायचा नाही.

"मग तिला गोष्ट कोण सांगणार?" मी विचारलं होतं.

मामाने माझ्याकडे पाहिलं. मग कढईकडे. "जा, काडी टोचून बघ. हळद शिजली का."

एकदा मी ती कामटी दप्तरातून शाळेत नेली. गणिताच्या तासाला बाकाखाली वाकवली आणि डोळे मिटून बसले. सरांनी डोक्यात टपली मारली. रात्र झाली आहे, असं मी सांगितल्यावर आणखी एक मारली. पुढच्या शिमग्याला मी मामाकडे तक्रार केली. तो गंभीरपणे म्हणाला, "गणिताच्या सरावर चालत न्हाई ती. त्यायच्यापशी घड्याळ असतं."

मग मी मोठी झाले. शिकायला बाहेर गेले, परत आले, हिंगोलीच्या एका कॉलेजात ग्रंथपाल झाले. वडील गेल्यावर आई माझ्याकडे राहायला आली. मामाकडे कढईच्या जागी लोखंडी कुकर आला. पंधरा दिवसांचं काम चार दिवसांत होऊ लागलं आणि आम्हाला बोलावणं येईनासं झालं. मामाच्या मुलाला गोष्टींची आवड नव्हती. तो चांगला शेतकरी निघाला. मामी गेल्यानंतर मामा अधिकच मासिकं वाचू लागला. कधीकधी कॉलेजात मला फोन करायचा.

गेल्या हिवाळ्यात असाच त्याचा फोन आला. "एक इचारायचं व्हतं. सूर्य मावळत न्हाई असा ग्रह खरंच असतो का गं?"

मी त्याला सांगितलं, की असतात म्हणे. काही ग्रहांची एक बाजू कायम आपल्या ताऱ्याकडे असते. तिथे कायमचा दिवस, आणि पाठीमागच्या बाजूला कायमची रात्र.

पलीकडे मासिकाची पानं उलटल्याचा आवाज आला. 

"म्हंजी तिकडं हाय," तो म्हणाला. मग हसायला लागला. "अन् पल्याडच्या अंगाला नुसती रात? अगं, मग तिथं गोष्टीच गोष्टी असतील! हे सांगायला पायजे."

कोणाला सांगायला पाहिजे, हे मी विचारलं नाही. माझ्यासमोर पुस्तकं मागायला दोन विद्यार्थी उभे होते.

तेराव्यानंतर पाहुणे गेले आणि घरात आई आणि मी उरलो. आईचं जेवण अर्ध्या भाकरीवर आलं. मी पुस्तक घेऊन बसले की ती उठून आत जायची. एका दुपारी ती आपणहून बोलली.

"मी बी ऐकायची."

"काय?"

"त्याच्या गोष्टी. वरून म्हणायची, सांगू नको, सांगू नको. अन् पाल्याच्या ढिगामागं बसून ऐकायची. तो लोखंडाचा बैल रुसला व्हता त्या दिवशी पदर तोंडात कोंबून हसले." तिचा आवाज बदलला. "मला ठावं व्हतं ना. मंग एकदा तरी पुढं येऊन बस कर म्हणायचं. न्हाई म्हणले. लेकरू चुकलं माझं."

सत्तर वर्षांच्या माणसाला ती लेकरू म्हणाली.

मी शिकलेली बाई आहे. गोष्टीमुळे कोणी वाट चुकत नाही, हे मी तिला पन्नास प्रकारे समजावू शकले असते. पण तो कनेरगावला का होता, या साध्या प्रश्नाचं उत्तर माझ्याकडे नव्हतं, आणि उत्तर नसलेल्या माणसाने समजावणं तिला नको होतं. शिवाय हट्ट धरणारी मी होते. ते तिने एकदाही बोलून दाखवलं नाही.

त्या रात्री पिशवीतली कामटी पुन्हा काढून पाहिली. ती जुनी नव्हती. या वर्षीच्या हळदीने पिवळी झालेली होती, आणि मधोमध तिला वाकवून वाकवून बारीक तडे गेले होते. एकट्या म्हाताऱ्या माणसाला ती कोणासाठी वाकवायची होती?

रजा काढून मी कनेरगाव नाक्याला गेले. ढाबेवाल्याने मला ओळखलं, बाज झटकून बसायला दिली, आणि मग ती कोणती बाज आहे हे लक्षात येऊन घाईघाईने खुर्ची आणली.

"बाबा तांड्याकडून आलते," तो म्हणाला. "गुरुजीनं गाडीवर आणून सोडलं. मला म्हणले, हिंगोलीची गाडी कवा हाय? म्हणलं, येईल पंधरा मिंटांत. चहा सांगितला अन् बसले. मी गिऱ्हाईक बघून राहिलो व्हतो. गाडी आली तवा हाक मारली, बाबा, उठा, गाडी आली."

त्याने खांद्यावरच्या फडक्याने बाजेची कड पुसली. 

"तुम्ही हे त्या दिवशी का सांगितलं नाही?" मी विचारलं.

"घरात एवढी माणसं, ताई. अन् इचारलं कोणी?"

तांडा नाक्यापासून आत होता. ढाबेवाल्याच्या ओळखीच्या एका रिक्षाने मला तिथे पोचवलं. दोन खोल्यांची शाळा, समोर लिंब. उन्हाळ्यामुळे सकाळची असलेली शाळा सुटायला आली होती. गुरुजी तरुण होते. मामाचं नाव ऐकताच उभे राहिले. नंतर काय घडलं ते त्यांना नाक्यावर कळलं होतं, पण दुःखातल्या घरी जावं की नाही, हे त्यांना ठरवता आलं नव्हतं.

मामा तिथे चार शनिवार आला होता. या तांड्यातली टोळी त्याच्या शेतात हळद काढायला जायची. टोळीतल्या एका बाईचा नातू काम चाललेलं असताना मामाची गोष्ट ऐकायचा. शाळेत येऊन तो इतर मुलांना सांगायचा, आणि काहीतरी चुकीचंच सांगायचा. मुलं भांडायला लागली, बैल लोखंडाचा की पितळेचा. शेवटी त्या बाईने मामाला म्हटलं, दादा, तूच येऊन सांग बाबा एकदा, या पोरायनं डोकं खाल्लं.

"गोष्ट काय होती?" मी विचारलं.

गुरुजी ओशाळले. "खरं सांगू का, मॅडम, मी ऐकलीच न्हाई. ते सांगायचे तेवढ्या वेळात मी ऑनलाइन माहिती भरून राहायचो. आमच्यामागं ते एक असतं."

मग मी मुलांना विचारलं. वीस जण एकदम बोलायला लागले. लोखंडाचा बैल रुसला. न्हाई, तेल सांडलं म्हणून रुसला. गाडी उडती. उडत न्हाई रे, तरंगती! एक मुलगी मागून म्हणाली, "बाबानं तलवार वाकवली अन् आमी डोळे मिटले."

"मग?"

"मग खिचडी आली."

सगळे हसले. गुरुजी म्हणाले, शेवटच्या शनिवारी बाबाही मुलांच्या ओळीत बसून खिचडी जेवले. दोनदा घेतली. मग म्हणाले, मला नाक्यावर सोडा, अक्का वाट बघून राहिली असंल. गुरुजींनी त्यांना विचारलं होतं, बहिणीला घेऊन या की एकदा शाळेत. त्यावर मामा म्हणाला होता, "नगं रे बाबा. दिवसा गोष्ट सांगतो म्हणून कळलं तर रागवंल."

परत येताना बसमध्ये मी हे शेवटचं वाक्य आईला सांगायचं की नाही, याचा विचार करत होते. घरी पोचेपर्यंत ठरलं नाही. आईने पाण्याचा तांब्या पुढे केला आणि मी सगळं सांगून टाकलं, तेही.

"मी काय खाऊन राहिले व्हते का त्याला?" आई म्हणाली.

तिने माझ्या हातातला रिकामा तांब्या घेऊन खाली ठेवला.

"म्हंजी तो पहाटंच्या गाडीनं तिकडं गेला. अन् तिकडून माझ्याकडं यायला बसला व्हता."

"हो. हिंगोलीच्या गाडीची वाट बघत होता. बरोबर जागी बसला होता, आई. तिथूनच गाडी मिळते."

तिने माझ्याकडे निरखून पाहिलं. ती नजर मला लहानपणापासून माहीत आहे. खोटं शोधणारी.

"तू पुस्तकातली बाई. मला बरं वाटावं म्हणून काहीबी जुळवशील."

"जुळवलं नाही."

"त्याला खिचडी आवडत न्हाई. आन् तू म्हणती दोनदा घेतली."

 मी स्वयंपाकाला उठले. तिने संध्याकाळी पुन्हा अर्धीच भाकरी खाल्ली. खोटं सांगितलं असतं तर खिचडीच्या जागी तिला पटेल असं काही सांगितलं असतं, हे मला सुचलं, पण ते बोलून उपयोग नव्हता. आईला माझा शब्द नको होता. माझ्या शब्दावर तिचं प्रेम होतं, विश्वास नव्हता. चाळीस वर्षं मी तिला बरं वाटेल असंच सांगत आले होते.

सकाळी मी अंघोळ करून आले तेव्हा ती माझा फोन हातात घेऊन बसली होती. तिला तो लावता येत नाही.

"शाळा भरली असंल का?"

"भरली असेल."

"लाव त्या गुरुजीला."

मी नंबर लावला आणि फोन तिच्या हातात दिला. पलीकडून आधी गुरुजींचा आवाज आला आणि त्यांच्या मागे मुलांचा गोंगाट. आई फोनवर नेहमीच ओरडून बोलते. तिला वाटतं, गाव लांब आहे.

"मी त्याची थोरली बहीण बोलून राहिले," ती म्हणाली. "तो हळदवाला येत व्हता ना तुमच्याकडं, त्याची. मला एवढंच सांगा गुरुजी, खिचडीत तुमी काय घालून राहिलते?"

गुरुजी काहीतरी सांगू लागले. आई फोन कानाला घट्ट लावून ऐकत राहिली. मध्येच ती म्हणाली, "वटाणे? लहानपणी भाजीतले बी येचून खायचा. मग बराबर हाय." आणि तिने मला हाताने खूण केली, की थांब, अजून बोलायचं आहे.